‘से’ आला का?

पनवेलमध्ये पैशांच्या फसवणुकीचा विषय निघाला की कर्नाळा नागरी सहकारी बँकेवर येऊन थांबतो. बनावट कर्जखात्यांतून 500 कोटींहून जास्त रक्कम वळवल्याचा आरोप. पोलिसांत गुन्हा फेब्रुवारी 2020 मध्ये. बँकेचे अध्यक्ष आणि माजी आमदार विवेक पाटील यांना अटक झाली ती 15 जून 2021 रोजी, तीही ईडीकडून. पुढे ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेने परवाना रद्द केला. ठेव विम्यातून 95 टक्के ठेवीदारांना पूर्ण रक्कम मिळेल, असे तेव्हा सांगण्यात आले. पाच लाखांच्या विमा मर्यादेहून जास्त ठेव असलेल्यांचा जीव टांगणीलाच राहिला.

गुन्हा नोंदला, पण आरोपी बाहेरच, हे ठेवीदाराला पचत नाही. या मधल्या काळातच अटकपूर्व जामिनाची धावपळ चालते.

अशील आला की वकील आधी कलम विचारतो. नुसती फसवणूक, म्हणजे जुने 420 आणि आता न्याय संहितेचे 318(4), असेल तर शिक्षा सात वर्षांपर्यंत. तिथे 2014 च्या अर्नेश कुमार निकालामुळे पोलिसांना अटक का हवी, याची कारणे लिहून द्यावी लागतात. पण बँकवाल्यावर किंवा एजंटावर 409, आताचे 316(5), लागले की शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाते आणि अशिलाच्या तोंडचे पाणी पळते. मग सत्र न्यायालयात ‘एबीए’, म्हणजे अटकपूर्व जामिनाचा अर्ज.

सरकारी वकिलांना नोटीस निघते आणि सगळे तपास अधिकाऱ्याच्या लेखी म्हणण्याची, म्हणजे ‘से’ची वाट पाहू लागतात. ‘से’ येईपर्यंत अंतरिम संरक्षण द्या, एवढीच बचावाची पहिल्या दिवशीची मागणी. ते मिळाले की निम्मे काम झाले. अधिकारी बंदोबस्तावर असला तर पुढची तारीख. हस्तक्षेप अर्ज केलेले ठेवीदार पावत्यांच्या झेरॉक्स घेऊन मागच्या बाकावर असतात. प्रत्येक तारीख त्यांना आरोपीला मिळालेली सूट वाटते, आणि ते अगदीच चुकीचे नाही.

‘से’मधले मुद्दे बहुतेक ठरलेले: पैसा कुठे गेला ते शोधायचे आहे, मोबाइल जप्त करायचा आहे, साथीदार फरार आहेत. बचावाचे उत्तरही ठरलेले: सगळा पुरावा कागदोपत्री, कागद पोलिसांकडेच, मग कोठडी कशाला? निकाल खरे तर इथे लागतो, रकमेच्या आकड्यावर नव्हे. ज्याच्या नावावर कर्ज आहे त्यालाच पत्ता नसेल, तर अर्जावर सही कोणी ठोकली आणि कोणाच्या तोंडी हुकमावरून रक्कम वळली, हे खातेवही सांगत नाही. तिथे कोठडीची मागणी पटते. नोंदी करणाऱ्या कारकुनाच्या बाबतीत तीच मागणी पोकळ वाटते.

सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांतून दोघांनाही आधार मिळतो. आर्थिक गुन्हे वेगळ्या वर्गातले, त्यांत अटकपूर्व जामीन क्वचितच द्यावा, असे सप्टेंबर 2019 मध्ये चिदंबरम प्रकरणात म्हटले गेले. पाच महिन्यांच्या आत, सुशीला अग्रवाल प्रकरणात, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितले की असा जामीन एरवी मुदतीत बांधण्याची गरज नाही. ईडीच्या गुन्ह्यात मात्र मनी लाँडरिंग कायद्याचे कलम 45 आडवे येते: आरोपी दोषी नसावा, असे मानायला वाजवी कारण न्यायालयाला दिसावे लागते.

सुनावणीत हमखास येणारे वाक्य म्हणजे ‘अशील काही रक्कम भरायला तयार आहे’. ठेवीदारांचे कान लगेच टवकारतात. दिल्लीतल्या एका बिल्डर व्यवहारात 22 लाख भरण्याची अशी अट सर्वोच्च न्यायालयाने जुलै 2023 मध्ये रद्द केली. जामीन म्हणजे वसुली नव्हे, असे बजावले. पण एक फट ठेवली: सार्वजनिक पैशाच्या अपहाराचा आरोप असेल आणि आरोपी स्वतःहून भरायला पुढे आला, तर न्यायालय त्याचा विचार करू शकते. त्यामुळे सहकारी बँकेतली ठेव सार्वजनिक पैसा की खासगी, यावर आता ठेवीदारांचे वकील भांडू शकतात.