प्रार्थनागृहातील गीत : १९३८ चे ‘वंदे मातरम्’ आंदोलन

परभणी जिल्हा सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या अमलाखाली होता. त्या राज्यात ‘गश्ती निशाण ५३’ अन्वये सरकारच्या पूर्वपरवानगीवाचून जाहीर सभा भरविता येत नसे. परिणामी राजकीय आकांक्षा वाचनालये, खाजगी शाळा, गणेशोत्सव अशा वरकरणी निरुपद्रवी रूपांत वावरू लागल्या. महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन १९३७ साली परतूर येथे (हा तालुका तेव्हा परभणी जिल्ह्यात होता, आता जालना जिल्ह्यात आहे) भरले. सप्टेंबर १९३८ मध्ये स्टेट काँग्रेसवर तर रीतसर स्थापनेपूर्वीच बंदी आली.

या कोंडीत विद्यार्थ्यांची मागणी अगदीच लहान होती : वसतिगृहाच्या प्रार्थनागृहात ‘वंदे मातरम्’ म्हणू द्यावे. नोव्हेंबर १९३८ मध्ये उस्मानिया विद्यापीठाने ते गीत वादग्रस्त ठरवून त्यास मनाई केली. आक्षेप सर्वस्वी निराधार होता, असे म्हणता येत नाही. मुस्लिमांची हरकत ध्यानी घेऊन काँग्रेस कार्यसमितीनेच १९३७ मध्ये पहिली दोनच कडवी म्हणावीत, अशी शिफारस केली होती. तथापि मनाई प्रार्थनागृहापर्यंत पोहोचताच नित्याच्या प्रार्थनेस राजकीय कृतीचे स्वरूप आले. औरंगाबादच्या इंटरमीजिएट कॉलेजातही तेच घडले. शेकडो विद्यार्थ्यांची नावे पटावरून कमी झाली. त्यांपैकी अनेकांना नागपूर विद्यापीठाने, कुलगुरू टी. जे. केदार यांच्या पुढाकाराने, प्रवेश दिला. पुढे पंतप्रधान झालेले पी. व्ही. नरसिंह राव हेही या आंदोलनापायी काढलेल्यांपैकीच. मध्य प्रांतात त्या वेळी निवडून आलेले काँग्रेस मंत्रिमंडळ होते. म्हणजे संस्थानाने ही मुले शिक्षा म्हणून दवडली ती नेमकी राजकीय शिक्षणाच्या जागी.

गीतावरून तरुणांना शासन करणे ही केवळ सरंजामी सत्तेची रीत नव्हे. समाजवादी म्हणविणाऱ्या पूर्व जर्मनीतही वाद्यवृंदास जाहीर वादनासाठी सरकारी परवाना लागे. पंक तरुणांना तो मिळणे दुरापास्त असल्याने त्यांनी चर्चच्या आवाराचा आश्रय घेतला. ‘नामेनलोस’ या वृंदातील तरुणांना १९८३ मध्ये गीतांतील शब्दांपायी अटक झाली. त्यांच्यामागे स्टेट काँग्रेससारखी संघटना नव्हती, आणि त्यांना ती हवी होती असेही दिसत नाही. आणखी एक भेद महत्त्वाचा आहे. उस्मानियाच्या विद्यार्थ्याला आगगाडीने नागपूर गाठता येत होते. पूर्व बर्लिनच्या तरुणापुढे मात्र १९६१ पासून भिंत उभी होती.