ऊस वाहतुकीचा करार : उचल, कोरा चेक आणि मधला माणूस

मालवाहतुकीचा करार म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर ट्रक, बिल्टी आणि वाटेत खराब झालेला माल येतो. पण बारामती-इंदापूरसारख्या ऊसपट्ट्यात, माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगर, बिजवडी अशी कारखान्यांची नावं जिथे रोजच्या बोलण्यात असतात तिथे, वाहतूक करारावरचं भांडण अनेकदा मालाचं नसतंच. ते उचलीचं असतं.

कसं ते पाहू. हंगामाआधी कारखाना ट्रॅक्टर किंवा ट्रकच्या मालकाशी करार करतो. नाव 'तोडणी व वाहतूक' करार. म्हणजे नुसता ऊस ओढायचा नाही, तोडणारी टोळीही मालकानेच आणायची. त्यासाठी कारखाना उचल देतो. मालक ती बीड, पाथर्डीकडच्या मुकादमाला देतो आणि मुकादम कोयत्यांना. एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. पुढे बिलं निघतात तशी उचल कापून घेतली जाते.

आता कागद बघा. कारखाना आणि मालक यांच्यात स्टँप पेपर, जामीनदार आणि बऱ्याचदा सही केलेले कोरे चेक. मालक आणि मुकादम यांच्यात मात्र कधी साधी नोटरी, कधी फक्त शब्द. टोळी आली नाही, किंवा जानेवारीत रातोरात निघून गेली, की वरचा कागद मालकाला धरतो. त्याला खाली धरायला काही नसतं. ट्रॅक्टरचा हप्ता आहेच.

'चेक कोराच होता, रक्कम त्यांनी भरली' हा बचाव आम्ही फार ऐकतो. तो सहसा टिकत नाही. बिरसिंग विरुद्ध मुकेशकुमार या 2019 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की स्वेच्छेने सही करून दिलेल्या कोऱ्या चेकलाही देणं असल्याचं कायदेशीर गृहीतक लागू होतं. ते खोडायची जबाबदारी सही करणाऱ्याची. 'चेक तारणापोटी दिला होता' एवढंही पुरत नाही. पैसे हातात पडले असतील आणि चेक वटवताना देणं बाकी असेल, तर कलम 138 लागतंच.

पण याच ठिकाणी मालकाच्या बाजूचा खरा मुद्दा आहे. समजा, उचल 10 लाख होती. बिलांतून 6 लाख वसूल झाले. तरी चेक 10 लाखांचाच भरून बँकेत टाकला. 2022 च्या दशरथभाई पटेल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की मधे काही रक्कम फिटली असेल तर तशी नोंद चेकवर करून उरलेल्या रकमेसाठीच तो वटवायला हवा. पूर्ण रकमेचा चेक परत गेला तर 138 चा गुन्हा होत नाही. उरलेलं देणं मात्र बुडत नाही, त्यासाठी दिवाणी दावा राहतोच. म्हणून प्रत्येक बिलाची प्रत आणि कपातीचा खातेउतारा जपून ठेवायचा. आमच्या मते वकिलाच्या भाषणापेक्षा तो उतारा जास्त बोलतो. नोटीस आली तर गप्प बसायचं नाही, ती मिळाल्यापासून पैसे भरायला 15 दिवसच असतात.

मुकादमाविरुद्ध काय? पोलीस म्हणतात, 'हे दिवाणी आहे.' ते नेहमीच चूक नसतात. करार मोडणं म्हणजे फसवणूक नव्हे, पैसे घेतानाच बुडवायचा हेतू होता हे दाखवावं लागतं. एकच टोळी दाखवून दोन-तीन मालकांकडून उचल घेतल्याचा पुरावा असेल तर गोष्ट वेगळी. त्यासाठी पैसे रोख न देता मुकादमाच्या बँक खात्यावर द्यावेत, लेखी करारात कोयत्यांची संख्या आणि नावं असावीत. दिवाणी वसुलीची मुदत साधारण तीन वर्षांची.

एक गोष्ट जरा कडक सांगतो. मुकादम पळाला म्हणून कामगारांना अडवून ठेवणं, त्यांचं सामान किंवा पोरं थांबवून घेणं, हे वसुलीचं साधन नाही. पैसे मुकादमाने बुडवलेत, कोयत्याने नव्हे. 1976 च्या वेठबिगारी निर्मूलन कायद्यात उचलीपोटी सक्तीने काम करून घेणं हा गुन्हा आहे, त्याला तीन वर्षांपर्यंत कैद आहे. पैशांसाठी न्याय मागणारा मालक तिथे आरोपी होतो.

आणि सही करण्याआधी दोन ओळी करारात मागून घ्या: टोळी न आल्यास उचलीची परतफेड कशी आणि किती मुदतीत, आणि हंगाम संपल्यावर बाकी नसल्याच्या दाखल्यासोबत कोरे चेक परत कधी. चेकचे नंबरही करारातच लिहून घ्या.