येळवस : शिवारातील पंगत आणि एका नावाची व्युत्पत्ती

मार्गशीर्ष महिन्याची अमावास्या लातूर व धाराशिव जिल्ह्यांत, आणि त्यांना लागून असलेल्या नांदेड व सोलापूर जिल्ह्यांच्या काही भागांत, 'येळवस' ह्या नावाने ओळखली जाते. डिसेंबरच्या उत्तरार्धात किंवा जानेवारीच्या पूर्वार्धात येणाऱ्या ह्या दिवशी लातूर शहरातील बाजारपेठ ओस पडते. जिल्हा प्रशासन त्या दिवसाची स्थानिक सुट्टी जाहीर करते आणि शहरवासी जवळच्या शिवाराची वाट धरतात. ज्याचे शेत नाही, तोही कोणाच्या तरी शेतात पाहुणा असतो. वृत्तपत्रांत आणि कार्यालयीन कागदांत मात्र हा सण 'येळवस' ह्या नावाने क्वचितच आढळतो. तेथे 'वेळ अमावास्या', 'वेळा अमावास्या', आणि अलीकडे 'दर्शवेळा अमावास्या' अशी रूपे छापली जातात. बोलण्यातील नाव एक आणि लिहिण्यातील नाव दुसरे, अशी ही स्थिती आहे. ह्या दोहोंपैकी मूळचे नाव कोणते आणि दुसरे कसे निर्माण झाले, ह्याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

१. शिवारफेरीचे स्वरूप

शेताच्या मध्याशी कडब्याच्या पेंढ्यांची एक खोप उभारलेली असते. तिच्यात पाच दगड मांडून त्यांना चुना लावतात. हे दगड पांडव मानले जातात आणि त्यांच्यासमवेत लक्ष्मीची पूजा होते. नैवेद्यानंतर आंबील व अन्न उभ्या पिकावर शिंपडत शेताला फेरी घालतात. ह्या क्रियेस 'चर शिंपणे' असे म्हणतात. तिच्या वेळी जो घोष केला जातो, त्यातील शब्द मराठी नाहीत. ते म्हणणाऱ्यांनाही त्यांचा अर्थ सांगता येत नाही. मग पंगत बसते. तिच्यात भज्जी, ज्वारी-बाजरीचे उंडे, भाकरी, तिळाची व शेंगदाण्याची पोळी, गव्हाची खीर, आंबट भात आणि ह्या सर्वांबरोबर आंबील असते.

पंगत एकाच शेतावर संपत नाही, हे ह्या दिवसाचे वैशिष्ट्य. यजमान पाहुण्यास घेऊन बांधावरून शेजारच्या शेतात जातो. तेथे पुन्हा चार घास आणि पेलाभर आंबील घ्यावी लागते, आणि नको म्हणणे शिष्टाचारास धरून होत नाही. पाहुण्यास वाट दाखवणारा सोबती असतो. पदार्थ काय, तो कशाचा, आणि त्यास हे नाव का, हेही तोच सांगतो.

इटलीतील शहरांत आता वाटाड्याबरोबर पायी हिंडत ठिकठिकाणी खाद्यपदार्थ व द्राक्षमद्य चाखण्याची प्रथा व्यवसायरूपाने रूढ झाली आहे. परंतु तिच्याही मुळाशी स्थानिक रीत आहे. व्हेनिसमध्ये 'बाकारो' नावाच्या लहान मद्यगृहांतून एकामागून एक हिंडत 'चिक्केत्ती' म्हणजे चवीपुरते लहान पदार्थ खाण्याची जुनी चाल आहे. मद्याच्या लहान पेल्यास तेथे 'ओंब्रा' म्हणतात. त्या शब्दाचा रूढ अर्थ 'सावली' असा आहे. संत मार्कच्या चौकातील मद्यविक्रेते मद्य थंड राहावे म्हणून घंटाघराच्या सावलीबरोबर आपले दुकान सरकवीत, त्यावरून हे नाव पडले, अशी कथा वाटाडे सांगतात. कथा मनोहर आहे, परंतु व्युत्पत्तीचा पुरावा म्हणून ती पुरेशी नाही. पानावर पदार्थ येतो त्या क्षणी श्रोत्यास उत्तर हवे असते आणि सांगणारा जवळच्या परिचित शब्दाचा आधार घेतो. 'वेळेवर पूजा करावयाची म्हणून वेळ अमावास्या' हे शिवारातील स्पष्टीकरण ह्याच जातीचे आहे.

२. 'वेळ' की 'एळ्ळु'

'वेळ' ह्या शब्दाने ह्या दिवसाचे कोणतेही वैशिष्ट्य व्यक्त होत नाही. पूजेस वेळ प्रत्येक अमावास्येला असते. 'वेळ' हे पूर्वपद घेऊन तिथीचे नाव बनवण्याची रीतही मराठीत आढळत नाही. उलट, सीमेपलीकडे बीदर व कलबुर्गी जिल्ह्यांत आणि उत्तर कर्नाटकात अन्यत्रही, नेमका हाच दिवस 'एळ्ळु अमावास्ये' ह्या नावाने पाळला जातो. तेथेही लोक शेतात जातात, पिकावर अन्न शिंपडतात आणि शेतातच जेवतात. त्या शिंपडण्यास कन्नडमध्ये 'चरग चेल्लुवुदु' म्हणतात. मराठी 'चर' आणि कन्नड 'चरग' ह्या दोहोंमागे संस्कृत 'चरु' असण्याचा संभव आहे. कन्नड 'एळ्ळु' म्हणजे तीळ. तिळाचे पदार्थ त्या दिवशीच्या जेवणात सीमेच्या दोन्ही बाजूंस असतात. म्हणजे कन्नडमध्ये हे नाव पारदर्शक आहे आणि मराठीत ते अपारदर्शक आहे. ज्या भाषेत नाव सार्थ आहे ती देणारी व ज्या भाषेत ते निरर्थक आहे ती घेणारी, हा उसनवारीच्या अभ्यासातील प्राथमिक नियम येथे लागू पडतो.

ध्वनींचा मार्गही सरळ आहे. 'एळ्ळु' मधील अन्त्य उकार पुढील स्वरापूर्वी लोप पावतो. कन्नड उच्चारात शब्दारंभीचा एकार 'ये' असा ऐकू येतो, आणि ग्रामीण मराठीतही 'एक' चे 'येक' होते. मराठीस ळकाराचे द्वित्व मानवत नाही, म्हणून 'ळ्ळ' चा 'ळ' झाला. उत्तरपदाच्या जागी मात्र मराठीचा स्वतःचा 'अवस' हा तद्भव शब्द आला. तेव्हा 'येळवस' हा अर्धा उसना आणि अर्धा भाषांतरित असा संकरित समास आहे. ज्यांनी तो घडवला त्यांना समासाचा दुसरा भाग 'अमावास्या' आहे हे समजत होते, एवढे ह्यावरून निश्चित होते. पहिल्या भागाचा अर्थही त्यांना ठाऊक होता काय, हे मात्र ह्या रूपावरून ठरत नाही.

उगम कन्नडच का, तेलुगू का नव्हे, असा प्रश्न नांदेड जिल्ह्याच्या संदर्भात उपस्थित होणे स्वाभाविक आहे, कारण देगलूर, बिलोली ह्या भागांचा तेलुगूशी निकटचा संबंध आहे. परंतु तेलुगूत तिळास 'नुव्वुलु' म्हणतात. त्यापासून 'येळ' हे रूप निघू शकत नाही.

३. शुद्धीच्या हव्यासातून आलेले रूप

मग 'वेळ' कोठून आला? ह्याचे उत्तर मराठवाडी बोलीच्या एका सुपरिचित लकबीत आहे. तीत एकारापूर्वीच्या आद्य वकाराचा यकार होतो. 'वेळ' चा 'येळ', 'वेगळा' चा 'येगळा', 'वेस' ची 'येस' ही त्याची उदाहरणे. शाळेत गेलेला मुलगा पहिल्या वर्षापासून हा यकार टाकून वकार उच्चारण्यास शिकतो. त्याच्या मनात एक नियम रुजतो, तो असा की ग्रामीण 'ये' म्हणजे शुद्ध 'वे'. हा नियम बहुतेक ठिकाणी यशस्वी होतो. परंतु जेथे मुळात वकार नव्हताच, तेथेही तो लावला गेला की भाषाशास्त्रात ज्यास अतिशुद्धी म्हणतात तो प्रकार घडतो. 'येळवस' मधील 'येळ' हा 'वेळे'चा अपभ्रंश समजला गेला, 'अवस' चे 'अमावास्या' असे संस्कृतीकरण झाले, आणि 'वेळ अमावास्या' हे रूप तयार झाले. 'दर्श' म्हणजे अमावास्याच. तेव्हा 'दर्शवेळा अमावास्या' ह्या नावात एकच अर्थ दोनदा आला आणि तिळाचा मागमूस उरला नाही.

ह्यावर एक आक्षेप संभवतो. लातूरकडील पंगतीत मान भज्जीचा व आंबिलीचा आहे, तिळाचे स्थान दुय्यम आहे, तेव्हा तिळावरून नाव कसे पडेल? त्याचे उत्तर असे की नाव उसने घेतले जाते तेव्हा ते देणाऱ्या समाजाच्या दृष्टीने घडलेले असते. घेणाऱ्या समाजात ताटातील क्रम निराळा असू शकतो, आणि वस्तू मागे पडल्यावरही नाव टिकते.

४. पानावरील शब्दांचे थर

नाव कन्नड ठरले म्हणून पंगतीतील सर्वच शब्द कन्नड मानणे ही दुसऱ्या टोकाची चूक होईल. त्यांचे निदान तीन थर दिसतात.

पहिला थर वारशाने आलेल्या शब्दांचा. 'आंबील' हा त्याचा उत्तम नमुना. संस्कृत 'अम्ल' चे प्राकृतात 'अंबिल' झाले, आणि जैनांच्या 'आयंबिल' व्रताच्या नावातही ते रूप दिसते. मराठीने आद्य स्वर दीर्घ करून तेच पुढे चालवले. 'आंबट', 'आंबणे' हे शब्द त्याच कुळातले. कन्नड व तेलुगूतील 'अंबलि' ह्याच्याशी साम्य आहे म्हणून मराठी शब्द तिकडून आला असे मानण्याचे कारण नाही. वस्तूही नावाप्रमाणेच आहे. ज्वारीचे पीठ भिजवून आंबू देतात, ते शिजवतात आणि थंड झाल्यावर ताक, मीठ, लसूण व जिरे घालून पितात. ह्या आंबवण्यात मुख्य कार्य दुग्धाम्ल निर्माण करणाऱ्या जंतूंचे असते. म्हणून आंबील आंबट होते, मद्य होत नाही. ती प्याल्यावर डोळ्यांवर झापड येते असे लोक म्हणतात. त्याला भरपेट जेवण आणि दुपारचे ऊनही कारण असणार.

दुसरा थर फार जुन्या आणि सर्व मराठीत पसरलेल्या द्राविडी शब्दांचा. 'उंडा' हा शब्द पिठाच्या गोळ्याच्या अर्थाने ह्या प्रदेशाबाहेरही चालतो. कन्नड 'उंडे', तमिळ 'उण्टै' हे त्याचे सगोत्र शब्द बरो व एमेनो ह्यांच्या १९६१ च्या द्राविडी व्युत्पत्तिकोशात एकत्र नोंदलेले आहेत. असा शब्द सीमेवरील संपर्काचा पुरावा ठरत नाही. तो त्याहून व्यापक अशा सहवासाचा पुरावा आहे.

तिसरा थर प्रादेशिक. आंबील ज्या मडक्यातून शेतात नेतात त्यास अनेक गावांत 'बिंदगी' म्हणतात. हा कन्नड 'बिंदिगे' होय, आणि पुण्या-मुंबईच्या वाचकास तो समजावून सांगावा लागतो. 'भज्जी' चा प्रश्न अधिक सूक्ष्म आहे. हरभरा, तूर, वाटाणा ह्यांचे ओले दाणे आणि पालेभाज्या बेसनात व ताकात शिजवून केलेल्या ह्या पदार्थाचे नाव प्रमाण मराठीतील 'भाजी' चेच रूप वाटते. परंतु प्राकृतातील द्वित्व मराठीत साधे होते आणि मागील स्वर दीर्घ होतो. 'सत्त' चे 'सात', 'हत्थ' चा 'हात', 'कम्म' चे 'काम' ही उदाहरणे झ्यूल ब्लोक ह्यांच्या १९२० मधील ग्रंथापासून अभ्यासकांच्या परिचयाची आहेत. त्या नियमास 'भज्जी' अपवाद आहे. बीदर-कलबुर्गीकडे ह्याच दिवशी होणाऱ्या ह्याच पदार्थास 'भज्जी' म्हणतात आणि कन्नडला द्वित्वाचे वावडे नाही. तेव्हा मूळ आर्य शब्द शेजारी जाऊन पुन्हा परतला असावा, असे अनुमान करता येते.

५. सीमा कोणती

ह्या देवघेवीचे ऐतिहासिक कारण शोधण्यास दूर जावे लागत नाही. राष्ट्रकूट राजे स्वतःस 'लट्टलूर' नगरीचे अधिपती म्हणवीत. हे लट्टलूर म्हणजे लातूर. त्यांच्या राज्यात संस्कृताबरोबर कन्नडमध्येही शिलालेख कोरले जात. अगदी अलीकडच्या काळातही उदगीर, निलंगा व अहमदपूर हे तालुके बीदर जिल्ह्यात होते. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत ते मुंबई राज्यात, उस्मानाबाद जिल्ह्यात आले, आणि पुढे १९८२ मध्ये लातूर जिल्हा स्वतंत्र झाला. आज दोन राज्यांत विभागलेली ही गावे कैक पिढ्या एकाच बाजारात धान्य विकीत होती आणि एकाच अमावास्येला शेतात जेवत होती. राज्याची सीमा नकाशावर एका दिवसात आखता येते, शब्दांची सीमा तशी नसते.

नांदेड शहरात हाच प्रश्न निराळ्या रूपात दिसतो. तेथे सचखंड गुरुद्वाऱ्यातील 'लंगर' हा फारसी शब्द पंजाबी भाविकांबरोबर आला आणि मराठी बोलणाऱ्यांच्या तोंडी रुळला. त्यास कोणी संस्कृत वेश चढवला नाही, कारण त्याचे परकेपण उघड होते. 'येळवस' चे परकेपण झाकलेले होते, म्हणूनच त्याची 'दुरुस्ती' झाली.

ह्या दुरुस्तीचा परिणाम केवळ शब्दलेखनापुरता मर्यादित नाही. 'येळवस' हे रूप दोन भाषकसमाजांच्या सहजीवनाचा दस्तऐवज आहे. 'वेळ अमावास्या' असे लिहिताच तो नष्ट होतो आणि त्याच्या जागी कोणत्याही काळाची साक्ष न देणारे एक नाव उरते. मडक्यांची जागा प्लास्टिकच्या भांड्यांनी घेतली की 'बिंदगी' हा शब्दही त्याच वाटेने जाईल. म्हणून लेखनात 'येळवस' हेच रूप वापरणे युक्त ठरेल. त्याचबरोबर चाकूर, औसा, निलंगा, देवणी, मुखेड, देगलूर अशा तालुक्यांतून गावोगाव ह्या शब्दांची नोंद होणे आवश्यक आहे. 'येळवस' हे नाव कोठे थांबते, 'बिंदगी' कोठे थांबते, 'भज्जी' ची 'भाजी' कोठे होते, ह्या तीन रेषा नकाशावर काढल्यास त्या एकमेकींवर पडतील असे दिसत नाही. त्या कोठे जुळतात आणि कोठे फाकतात, ह्यावरून कोणता शब्द आधी आला व कोणता नंतर, हे सांगता येईल. विद्यार्थ्यांपैकी अनेकांची शेते ह्याच शिवारात आहेत. त्या दिवशी बांधावरून जाताना वहीत टिपून घेतलेला प्रत्येक उच्चार, त्या गावाच्या व सांगणाऱ्याच्या वयाच्या नोंदीसह, ह्या अभ्यासास उपयोगी पडेल.