दहावा थर आणि दीड सेकंद

10 ऑगस्ट 2012. जोगेश्वरीच्या ‘जय जवान’ पथकाने ठाण्यात नऊ थर लावले आणि गिनीज बुकात उंची नोंदली गेली 13.34 मीटर. चार मजली इमारतच, फक्त विटांऐवजी खांदे. 2025 च्या दहीहंडीला जोगेश्वरीच्याच कोकण नगर पथकाने, तेही ठाण्यातच, दहावा थर चढवला. जय जवानने त्याच दिवशी दहा लावून उत्तर दिलं.

आता हिशेब करू. बारा मीटरवरून पोर निसटलं तर जमीन गाठायला त्याला दीड सेकंद लागतो, आणि तेव्हा वेग असतो ताशी 55 किलोमीटर. वर ‘चार एक्के’, म्हणजे एकावर एक एकेकटे उभे चौघं, लावले, तर सर्वांत खालच्या एक्क्याच्या खांद्यावर तिघं उभे. 35, 45 आणि 55 किलो धरा, झाले 135. तेही घामाने निसरड्या खांद्यांवर आणि वरचे तिघं हलत असताना! त्यासाठी गुरुपौर्णिमेपासून रोज रात्री, कामावरून सुटल्यावर, सराव.

आता रस्त्यावरच्याच दुसऱ्या उत्सवाशी ताडून पाहू. जगप्रसिद्ध कार्निव्हलचं त्रिनिदाद-टोबॅगो हे अख्खं राष्ट्र साधारण 14 लाखांचं. अंधेरी, जोगेश्वरी आणि पार्ले ज्यात येतात ते महापालिकेचे के-पूर्व, के-पश्चिम हे दोनच वॉर्ड 2011 च्या जनगणनेत 15 लाखांच्या पुढे होते. त्रिनिदादमध्ये गुलामीतून सुटलेल्यांच्या वंशजांनी 1881 मध्ये मशालींच्या मिरवणुकीसाठी पोलिसांशी झुंज घेतली, कारण वर्षातून एकदा तरी रस्ता त्यांना आपला हवा होता. इथे चाळीतल्या आणि झोपडपट्टीतल्या पोरांना तो एका दिवसापुरता मिळतो. वर्षभर ज्यांच्याकडे कुणी मान वळवून पाहत नाही, त्यांच्याकडे त्या दिवशी शहर मान वर करून पाहतं. अर्थात टी-शर्टवर फोटो पुढाऱ्याचा असतो, हेही खरंच.

2014 मध्ये उच्च न्यायालयाने थरांच्या उंचीवर मर्यादा घातली 20 फुटांची, म्हणजे विक्रमाच्या निम्म्याहूनही कमी. 2017 मध्ये ती उठली, किमान वयाची अट 14 वर्षांवर आली. 2022 मध्ये दहीहंडीला साहसी खेळाचा दर्जा मिळाला आणि भरपाईचे दरही ठरले: मृत्यू 10 लाख, दोन्ही हात, पाय किंवा डोळे गेले तर साडेसात लाख, एक गेला तर पाच. 2025 मध्ये सरकारने दीड लाख गोविंदांचा विमा उतरवला.