पकड करणाऱ्यांची कारकीर्द

कबड्डीच्या सामन्यात प्रेक्षकांची नजर चढाई करणाऱ्या एकट्या खेळाडूवर खिळलेली असते आणि दुसऱ्या दिवशीच्या बातमीच्या मथळ्यातही बहुधा त्याचेच नाव येते. परंतु ज्यांच्या अंगणात तो शिरतो त्या बचावपटूंच्या बळावर सामने आणि स्पर्धा किती जिंकल्या जातात, याचा हिशेब क्वचितच मांडला जातो. बोरीवलीपासून मुलुंडपर्यंतच्या मुंबई उपनगरात हा खेळ मंडळांनी जोपासला असून, तेथील मैदानावर पकड शिकणाऱ्या मुलापुढे आज व्यावसायिक कारकिर्दीची वाट खुली आहे. ती वाट कशी आहे आणि तिच्यात काय पणाला लागते, हे समजून घेण्यासाठी आधी बचावाची रचना पाहणे आवश्यक आहे.

मैदानावरील सात जणांपैकी दोन्ही टोकांना उभे राहणाऱ्या दोघांना कोपरारक्षक म्हणतात. चढाईपटूचा घोटा किंवा मांडी पकडून त्याला जागीच रोखणे, हे त्यांचे मुख्य काम असते. त्यांच्या आतल्या बाजूला खेळणारे मध्यरक्षक चढाईपटूचा परतीचा मार्ग अंगाने अडवतात, त्याला धडक देऊन मैदानाबाहेर ढकलतात किंवा कोपरारक्षकाने सुरू केलेली पकड पूर्णत्वास नेतात. शेजारी-शेजारी उभे असलेले खेळाडू एकमेकांचे हात धरून हालचाल करतात, त्या रचनेला साखळी म्हणतात. साखळीतील एकाने पाऊल पुढे टाकले आणि दुसऱ्याने ते ओळखले नाही, तर दोघांच्या मधली फट चढाईपटूला पुरेशी होते. चढाईला ३० सेकंदांची मर्यादा असल्यामुळे बचावपटूचे मोठे भांडवल त्याचा संयम हेच असते. कारण घाईने केलेल्या पकडीतून निसटून चढाईपटू मध्यरेषेला पोहोचला, तर त्याला भिडलेले सगळे बचावपटू बाद होतात आणि प्रत्येकामागे एक गुण प्रतिस्पर्ध्याला मिळतो. याउलट यशस्वी पकडीचा गुण सामान्यतः एकच असतो, मग तीत चार जणांचे अंग झिजलेले असले तरीही. अंगणात तीन किंवा त्याहून कमी बचावपटू उरलेले असताना केलेल्या पकडीला प्रो कबड्डी लीग या व्यावसायिक स्पर्धेत एक वाढीव गुण मिळतो. तिला अव्वल पकड म्हणतात.

गुणांच्या या व्यवस्थेचा परिणाम कारकिर्दीच्या मूल्यमापनावर होतो. प्रो कबड्डीतील विक्रमवीर चढाईपटू परदीप नरवालच्या नावावर १,७०० हून अधिक चढाईगुण आहेत, तर पकडींच्या गुणांत आघाडीवर असलेल्या इराणच्या फझल अत्राचलीची संख्या त्याच्या सुमारे एकतृतीयांश आहे. या फरकावरून दोघांच्या योग्यतेची तुलना करणे चुकीचे ठरेल, कारण चढाईपटू एका चढाईत अनेक गुण मिळवू शकतो आणि पकडीचा गुण बहुतांशी ती सुरू करणाऱ्या एकाच्या नावावर नोंदला जातो. ज्या मध्यरक्षकाने वाट अडवल्यामुळे चढाईपटू कोपऱ्याकडे वळला आणि सापडला, त्याचे श्रम आकडेवारीत दिसत नाहीत.

अशा न दिसणाऱ्या श्रमांचे जगातील ठळक उदाहरण अमेरिकन फुटबॉलमध्ये सापडते. त्या खेळात आक्रमण करणाऱ्या ११ जणांपैकी पाच जण चेंडू फेकणाऱ्या खेळाडूच्या पुढे भिंत धरून उभे राहतात. त्यांना ऑफेन्सिव्ह लाइनमन म्हणतात. सुमारे १४० किलो वजनाचे हे खेळाडू बहुतेक वेळा चेंडूला हातही लावत नाहीत. अंगावर येणाऱ्या प्रतिस्पर्ध्यांना थोपवून सहकाऱ्याला दोन-तीन सेकंद मिळवून देणे, हीच त्यांची कामगिरी असते. क्लीव्हलँड ब्राउन्स संघाचा डाव्या बाजूचा लाइनमन जो थॉमस २००७ मधील पहिल्या सामन्यापासून २०१७ मध्ये दंडाच्या स्नायूला दुखापत होईपर्यंत सलग १०,३६३ डाव एकही न चुकवता खेळला. त्याच्या कारकिर्दीत संघ एकदाही बाद फेरीत पोहोचला नाही, तरीही २०२३ मध्ये त्याला या खेळाच्या सर्वोच्च सन्मानदालनात स्थान मिळाले. २०२४ मध्ये डेट्रॉइट लायन्सने पेनेई स्युएल या लाइनमनशी चार वर्षांसाठी ११.२ कोटी डॉलरचा करार केला, यावरून गुण न मिळवणाऱ्या खेळाडूचे मोल तेथे किती ओळखले जाते हे कळते.

कबड्डीतही अशी ओळख हळूहळू रुजत आहे. २०१५ मध्ये यू मुंबा संघाने बंगळूरु बुल्सला ३६–३० असे हरवून प्रो कबड्डीचे विजेतेपद मिळवले, तेव्हा कर्णधार अनुप कुमारच्या चढायांना सुरेंदर नाडा आणि मोहित छिल्लर हे कोपरारक्षक आणि जीवा कुमार आणि विशाल माने हे मध्यरक्षक यांच्या बचावाची जोड होती. नाडा आणि छिल्लर यांचा मेळ इतका परिणामकारक ठरला की २०१७ मध्ये हरियाणा स्टीलर्सच्या बचावातही ते दोघे एकत्र दिसले. बचावपटूची किंमत त्याच्या जोडीदारासह ठरते, हे त्यातून स्पष्ट होते. ही किंमत लिलावात दिसते. लीगच्या २०१४ मधील पहिल्या हंगामात सर्वाधिक बोली १२.८० लाख रुपयांची होती. २०१८ मध्ये लीगचा पहिला एक कोटीचा खेळाडू ठरला तो यू मुंबाने घेतलेला फझल अत्राचली, म्हणजेच एक कोपरारक्षक. २०२३ मध्ये पुणेरी पलटणने इराणच्याच मोहम्मदरेझा शादलूसाठी २.३५ कोटी रुपये मोजले आणि पुढच्या मार्च महिन्यात हैदराबादेत हरियाणा स्टीलर्सला २८–२५ असे हरवून अजिंक्यपद मिळवले.

परंतु या रकमा मोजक्यांच्या वाट्याला येतात आणि लीगचा हंगामही वर्षातील काही महिन्यांचाच असतो. उपनगरातील मुलाची खरी वाटचाल मंडळाच्या संघापासून सुरू होते. मुंबई शहर आणि मुंबई उपनगर हे कबड्डीत वेगवेगळे विभाग असल्यामुळे बोरीवलीच्या खेळाडूची निवड उपनगरच्या संघासाठी होते आणि त्यानंतर राज्य अजिंक्यपद व राष्ट्रीय स्पर्धा हे टप्पे येतात. २०१८ च्या जानेवारीत रिशांक देवाडिगाच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने ११ वर्षांनंतर राष्ट्रीय विजेतेपद मिळवले, ते याच वाटेने घडलेल्या खेळाडूंच्या बळावर. उदरनिर्वाहाचा आधार मात्र व्यावसायिक गटातील संघ देतात. महिंद्रा, भारत पेट्रोलियम आणि मध्य रेल्वे यांसारख्या संस्थांनी खेळाडूंना नोकऱ्या दिल्या, तसेच राज्य शासनाच्या सेवेत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे. गुडघा, खांदा आणि घोटा या सांध्यांवर रोज आघात झेलणाऱ्या बचावपटूला ही नोकरी अधिक मोलाची असते, कारण त्याच्या उमेदीच्या काळाचा शेवट एखाद्या चुकलेल्या पकडीत होऊ शकतो.

म्हणून बचावपटूची कारकीर्द घडवण्याची जबाबदारी त्याच्या एकट्यावर टाकणे न्याय्य नाही. वरिष्ठ पुरुष गटातील ८५ किलोंच्या वजनमर्यादेत राहून ताकद वाढवण्यासाठी त्याला आहाराचे व व्यायामाचे शास्त्रीय मार्गदर्शन मिळायला हवे, दुखापतीनंतर उपचार व पुरेशी विश्रांती मिळायला हवी आणि मंडळांनी आपल्या स्पर्धांच्या गुणपत्रिकांत पकड सुरू करणाऱ्याबरोबर ती पूर्ण करणाऱ्या साथीदारांचीही नोंद ठेवायला हवी. अशी नोंद राहिली, तर निवड समितीला साखळीतील प्रत्येक खेळाडूचे काम दिसेल आणि कोपऱ्यात किंवा मध्यावर उभे राहणे हीदेखील आयुष्य घडवणारी निवड आहे, हा विश्वास उपनगरातील मुलांना आणि त्यांच्या पालकांना देता येईल.