क्लाउनफिशचे घरगुती प्रजनन व पिल्लांचे संगोपन : ठाकुरवाडी परिसराच्या संदर्भात

प्रस्तावना :
नारिंगी अंगावर पांढरे पट्टे असणारा क्लाउनफिश हा अत्यंत लोकप्रिय शोभिवंत समुद्री मासा होय. तो आजही प्रवाळक्षेत्रांतून पकडला जातो; म्हणून टाकीतील प्रजननाला पर्यावरणीय महत्त्व आहे. नवी मुंबईतील ऐरोली येथे मँग्रोव्ह फाउंडेशनने अशा माशांच्या बीजोत्पादनाचे कार्य हाती घेतले. ऐरोली खाडीकाठी आहे. परंतु कर्जत-खालापूर पट्ट्यातील ठाकुरवाडीसारख्या, सह्याद्रीच्या पायथ्याच्या वस्तीत हे शक्य आहे काय, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

खारे पाणी :
एक लिटर गोड्या पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम समुद्री मीठमिश्रण विरघळवून योग्य पाणी तयार करता येते. खाण्याचे मीठ चालत नाही. त्यात मॅग्नेशियम, कॅल्शियम आदी आवश्यक क्षार पुरेसे नसतात. बाष्पीभवनाने घटलेले पाणी मात्र गोड्या पाण्यानेच भरावे, कारण क्षार टाकीतच उरतात.

जोडी व अंडी :
गटातील सर्वांत मोठा मासा मादी व त्याखालोखालचा नर असतो. मादी मरण पावल्यास नराचेच मादीत रूपांतर होते. त्यामुळे दोन लहान मासे एकत्र वाढविल्यास सामान्यतः जोडी जमते. त्यासाठी समुद्रफुलाची आवश्यकता नसते. मादी फरशीच्या तुकड्यावर वा मातीच्या कुंडीवर अंडी घालते. नर परांच्या हालचालीने त्यांवर पाणी खेळवतो. २७ ते २८ अंश सेल्सिअस तापमानात सहा ते आठ दिवसांनी, अंधार पडल्यावर पिल्ले बाहेर पडतात.

पिल्लांचे अन्न :
खरी कसोटी येथून सुरू होते. तीन-चार मिलिमीटर लांबीच्या पिल्लांच्या तोंडात नेहमीचे खाद्य मावत नाही. त्यांना प्रथम रोटिफर हे सूक्ष्म जीव व सुमारे आठवडाभराने आर्टेमियाची नवजात पिल्ले द्यावी लागतात. रोटिफर हिरव्या शैवालावर वाढतात; त्यांचे संवर्धन अंडी येण्यापूर्वीच स्थिर झालेले असावे. साधारण दोन आठवड्यांत पट्टे उमटू लागतात व मोठा धोका टळतो.

निष्कर्ष :
समुद्रापासूनचे अंतर हा येथील मुख्य अडसर नाही. अखंड जिवंत खाद्य व वीज गेल्यावरही चालणारा हवापंप या निर्णायक बाबी आहेत. म्हणून प्राणिशास्त्र विभागांनी असा उपक्रम विद्यार्थ्यांसाठी स्वयंरोजगार म्हणून मांडण्यापूर्वी रोटिफर संवर्धनाचा सराव द्यावा आणि माशांची जोडी त्यानंतरच आणावी.