थकीत कर्ज आणि ‘तीन वर्षां’चा गैरसमज

“तीन सालं झाले, आता ब्यांक काई करू शकत नाई.” दर्यापूर तालुक्यात थकीत कर्जाचा विषय निघाला की असे सांगणारा कुणीतरी भेटतोच. हा भाग खारपाणपट्ट्यातला. जमिनीखालचे पाणी खारे, त्यामुळे विहिरीचा आधार नाही. तूर, मूग, कपाशी सारे पावसाच्या भरवशावर. एक हंगाम गेला की पीककर्ज थकते, आणि मग माणूस असल्या ऐकीव कायद्यावर विसंबतो. त्यात शेतकऱ्याचेच नुकसान होते.

3 वर्षांची गोष्ट साफ खोटी नाही. 1963 च्या मुदत कायद्यानुसार कर्जवसुलीचा दावा साधारणपणे 3 वर्षांत लावावा लागतो. जमीन गहाण असेल तर गहाणावरच्या वसुलीसाठी 12 वर्षे मिळतात. पण मुदत संपली की कर्ज फिटले, असे हा कायदा कुठेही म्हणत नाही. बंद होते ते कोर्टाचे दार, देणे उरतेच.

दुसरा समज असा की सरकारलाही हीच मुदत लागू होते. तसे नाही. केंद्र किंवा राज्य सरकारने लावायच्या दाव्याला 30 वर्षांची मुदत आहे. 1908 च्या जुन्या कायद्यात ती 60 होती. राष्ट्रीयीकृत बँक मात्र या मुदतीपुरती सरकार ठरत नाही, तिला 3 वर्षांचाच नियम. तगाईची, म्हणजे सरकारने शेतकऱ्याला दिलेल्या कर्जाची, गोष्ट आणखी निराळी. 1883 आणि 1884 च्या कायद्यांखाली दिलेली तगाई जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते, म्हणजे तहसीलदाराला आधी दावा लावावा लागत नाही. मग मुदत उलटलेले कर्ज या महसुली मार्गाने वसूल करता येते का? केरळच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1999 मध्ये ‘नाही’ म्हटले. मे 2024 मध्ये त्याच न्यायालयाच्या दुसऱ्या खंडपीठाने त्या निकालावर शंका घेऊन प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपवला. तेव्हा या बाबतीत कुणाच्या छातीठोक सांगण्यावर जाऊ नये.

आपल्याकडे खरा घोळ होतो तो सोसायटीच्या कर्जात. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 चे कलम 92 फार थोड्या सभासदांना ठाऊक असते. सभासदाकडच्या येण्याबद्दल सहकार न्यायालयात वाद न्यायचा तर त्याची मुदत कर्ज थकल्यापासून मोजत नाहीत. सभासद वारला किंवा त्याचे सभासदत्व संपले, त्या दिवसापासून मोजतात. म्हणजे सभासद हयात आहे आणि सभासद आहे, तोवर मुदत सुरूच होत नाही. याशिवाय कलम 101 आहेच. सहायक निबंधकाकडून वसुलीचा दाखला निघाला की जप्तीपर्यंत जाता येते, त्यासाठी दिवाणी कोर्टाची पायरी चढावी लागत नाही.

बँकेच्या कर्जातही आपण स्वतःच मुदत वाढवून देतो. मार्चअखेर ‘नवं-जुनं’ होते, जुने खाते कागदावर फिटते आणि नवे उघडते. दुष्काळात पुनर्गठन होते, हप्त्यांच्या तारखा पुढे जातात. मुदतीच्या आत ‘इतके देणे आहे’ अशा कागदावर सही केली, तर त्या दिवसापासून नवी मुदत सुरू होते. 500 रुपये भरून स्लिपवर सही केली तरी तेच. एकरकमी परतफेडीसाठी दिलेला अर्जसुद्धा कर्जाची कबुली धरला जाऊ शकतो. मुदत उलटल्यावर नुसत्या कबुलीने ती जिवंत होत नाही; पण ‘मी हे पैसे देईन’ असे लेखी वचन सहीनिशी दिले, तर 1872 च्या करार कायद्याप्रमाणे तो नवा करार होतो. कर्ज बुडवा असे मला सुचवायचे नाही. सही कशावर करतोय, एवढे तरी शेतकऱ्याला कळलेच पाहिजे.

मुदत उलटली म्हणून समन्स आले तरी कोर्टात न जाणे हा सगळ्यांत महागडा गैरसमज. मुदतीचा मुद्दा न्यायालयाने स्वतःहून पाहायचा असतो हे खरे. पण बँक तुमच्या सहीचे कागद पुढे ठेवते आणि ते खोडून काढायला तुम्ही तिथे नसता. एकतर्फी हुकूमनामा झाला की त्याच्या अंमलबजावणीला पुढची 12 वर्षे मिळतात.

सातबाऱ्यावरचा बोजाही वर्षे लोटली म्हणून आपोआप उतरत नाही. भूविकास बँकांचे कर्जवाटप कधीचेच बंद पडले होते, तरी 34,788 शेतकऱ्यांच्या नावावर 964 कोटी 15 लाखांचे कर्ज उभेच होते. ते ऑक्टोबर 2022 मध्ये राज्य मंत्रिमंडळाच्या निर्णयाने माफ झाले, मुदतीने नव्हे. बँकेला कोर्टाशिवाय तारण विकू देणाऱ्या सरफेसी कायद्याखाली शेतजमीन लिलावात जाईल ही भीती मात्र सोडावी. त्या कायद्यातून शेतजमीन वगळलेली आहे.

आणि बापाचे कर्ज पोराच्या डोक्यावर? वारस जबाबदार असतो तो वारशाने मिळालेल्या मालमत्तेपुरता. स्वतःच्या कमाईतून फेडायला त्याला कुणी भाग पाडू शकत नाही, तो जामीनदार नसेल तर. घरातला कर्ता गेल्यावर त्याच्या बायकोपुढे कर्ज तिच्या नावावर करण्याचा कागद आला, तर तिने लगेच सही करू नये. तालुका विधी सेवा समितीकडे बाईला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. तो कागद आधी त्या वकिलाला दाखवावा.